टेबलातल्या ओळींची दुसरी प्रत: एक्सपोर्ट, आयडीला रजा, मग इम्पोर्ट

नागपुरातल्या कळमना बाजाराच्या एखाद्या संत्रा अडत्याचं डेटाबेसमधलं ‘माल’ हे टेबल घ्या. तो ते पीएचपीमायअ‍ॅडमिनमध्ये, म्हणजे ब्राउझरमधून डेटाबेस हाताळायच्या साधनात, उघडतो. आंबिया बहाराच्या ८० ओळी भरलेल्या आहेत. मृग बहाराला शेतकरी तेच, फोन तेच. बदलतात फक्त बहार आणि भाव. मग ८० ओळी पुन्हा कशाला टाइप करायच्या? (दोन-चारच असतील तर तिथलं ओळीशेजारचं ‘कॉपी’ बटण पुरे.)

आधी अख्ख्या टेबलाचा बॅकअप घ्या. मग बहार ‘आंबिया’ असलेल्या ओळी शोधा आणि पानावर दिसणाऱ्या ओळींची संख्या २५ वरून १०० करा. ‘सगळे निवडा’ फक्त समोरच्या पानालाच लागू होतं. संख्या २५ च ठेवली तर उरलेल्या ५५ ओळी मागे राहतात आणि ते सहसा लक्षातही येत नाही. सगळ्यांवर टिक करून खालच्या ‘एक्सपोर्ट’वर जा, फॉरमॅट सीएसव्ही (स्वल्पविरामांनी वेगळे केलेले साधे मजकुराचे रकाने) ठेवा, पहिल्या ओळीत कॉलमची नावं मागा.

फाइल एक्सेलमध्ये डबल क्लिक करून उघडू नका. फोनमधल्या ०७१२ या नागपूरच्या कोडचा पुढचा शून्य उडून ७१२ होतो आणि मराठी अक्षरांचा चुराडा होतो. लिब्रेऑफिस कॅल्क उघडतानाच विचारतं: तिथे अक्षरांसाठी यूटीएफ-८ निवडा, फोनच्या कॉलमला ‘टेक्स्ट’ करा. आता ‘आयडी’ (प्रत्येक ओळीचा स्वतंत्र नंबर) हा कॉलम पूर्ण काढून टाका, बहार आणि भाव बदला, सीएसव्हीतच सेव्ह करा.

इम्पोर्ट ‘माल’ टेबलाच्या आत जाऊनच करा. बाहेर डेटाबेसवरून केलं तर नवंच टेबल तयार होतं. सुरुवातीच्या किती ओळी वगळायच्या, तिथे १. कॉलमच्या नावांच्या चौकटीत फाइलमधल्याच क्रमाने नावं लिहा, आयडी सोडून. आयडी ऑटो इन्क्रिमेंट (आपोआप वाढणारा) असेल तर नवे नंबर डेटाबेस स्वतःच देतो.

एरर १०६२ (तीच किंमत दुसऱ्यांदा आली) आली तर बहुधा आयडी फाइलमध्ये राहिलाय, किंवा लॉट नंबरसारखा दुसरा एखादा कॉलम युनिक आहे, म्हणजे त्यात तीच किंमत पुन्हा चालत नाही. त्यालाही नवे आकडे द्यावे लागतील. अशा वेळी ‘डुप्लिकेट आढळल्यास अपडेट करा’वर टिक करायचा मोह होतो. एरर जाते खरी, पण प्रत होत नाही: आंबियाच्या मूळ ओळींवरच मृगाचे भाव चढतात.

सीएसव्हीऐवजी एसक्यूएल फाइल (डेटाबेसला द्यायच्या आज्ञांची फाइल) वापरणार असाल तर एक्सपोर्टमध्ये फक्त डेटा घ्या, ‘ड्रॉप टेबल’वरची (जुनं टेबल पुसणारी) टिक काढा, आणि फाइलमध्ये आयडीच्या जागी नल (NULL, म्हणजे रिकामं) लिहा. शून्य चालत नाही, कारण या फाइलच्या डोक्यावरचीच एक सेटिंग शून्याला शून्यच मानते, नवा नंबर देऊ देत नाही.