जुने व्हिडिओ गेम कॉम्प्युटरवर लावताय? या चुका टाळा

मे महिना लागला की आमच्या इंदूरच्या घरी आंब्यांच्या पेट्यांबरोबर लॅपटॉपही येऊ लागतात. मी दुकान चालवत नाही. चार वर्षांपूर्वी ताईच्या मुलाला इम्युलेटर, म्हणजे जुन्या टीव्ही-गेमच्या यंत्राची कॉम्प्युटरवर नक्कल करणारा प्रोग्राम, लावून दिला, ते गावभर झालं. येणाऱ्या प्रत्येकाचं पहिलं वाक्य ठरलेलं: “इम्युलेटरच खराब आहे, भिया.” आजवर इम्युलेटर खराब निघालेला मला आठवत नाही. खराब निघते ती घाई.

सगळ्यात आधी फाइलचा आकार बघायला शिका. 1985 सालच्या पहिल्या सुपर मारिओच्या कॅसेटमधला सगळा गेम मिळून 40 केबी भरतो. मावशीने व्हॉट्सॲपवर पाठवलेला सुप्रभातचा फोटोसुद्धा त्याहून मोठा असतो. तेव्हा ‘मारिओ’ म्हणून 300 एमबीचा सेटअप कोणी देत असेल, तर त्यात मारिओ सोडून बाकी सगळं असणार. जुन्या कन्सोलचा, म्हणजे टीव्हीला जोडायच्या गेमच्या यंत्राचा, गेम ही नुसती डेटा फाइल असते, डबल क्लिक करून ‘इन्स्टॉल’ करायची गोष्ट नव्हे. तरी दरवर्षी एक तरी लॅपटॉप असा येतो, ज्यावर ब्राउझरचं होमपेज बदललेलं आणि कोपऱ्यात जाहिराती नाचत असतात.

दहा हजार गेमवाला पेन ड्राइव्हही नको. एक तर ती सरळ चोरी आहे. दुसरं, लहानपणची ‘9999 इन 1’ कॅसेट आठवा, तेच सात-आठ गेम नावं बदलून परत परत. इथेही तोच प्रकार, आणि दहा हजारांच्या यादीत पोरगं तासभर खालीवर करतं, खेळत काहीच नाही. आपल्या जुन्या सीडी असतील तर त्यांची कॉपी काढा. हौशी लोकांनी बनवून फुकट वाटलेले नवे गेमही आहेत. मी तर नवीन सेटअप ‘240पी टेस्ट सुईट’ या मोफत प्रोग्रामवरच तपासतो: चित्र, आवाज, बटणाला होणारा उशीर, सगळं त्यात कळतं. तो चालला आणि तुमचा गेम चालला नाही, तर दोष गेमच्या फाइलचा. निम्मी भांडणं तिथेच मिटतात.

नुसती शेगडी आणून गॅस पेटत नाही

रेट्रोआर्क, म्हणजे अनेक इम्युलेटर एकाच जागी चालवणारा प्रोग्राम, डाउनलोड करायचं, उघडायचं, गेम दाखवायचा आणि काही झालं नाही की मला फोन. रेट्रोआर्क स्वतः एकही गेम चालवत नाही. ती शेगडी आहे, सिलिंडर, म्हणजे एकेका कन्सोलचा इम्युलेटर, वेगळा आणावा लागतो, त्याला ‘कोअर’ म्हणतात. ऑनलाइन अपडेटरमध्ये कोअर डाउनलोडर असतो. तिथून आठ बिटच्या निन्टेन्डोसाठी मेसेन किंवा नेस्टोपिया, सुपर निन्टेन्डोसाठी स्नेस नाइन एक्स, सेगासाठी जेनेसिस प्लस जीएक्स घ्या. एका वेळी एकच कन्सोल लावा. पहिल्याच दिवशी चाळीस कोअर उतरवून घेणारे लोक मी पाहिलेत. उतावळा नवरा गुडघ्याला बाशिंग.

आणि हे सगळं ‘प्रोग्राम फाइल्स’मध्ये ठेवू नका. तिथे लिहायला विंडोज परवानगी मागतं, मग सेटिंग राहत नाही, सेव्ह राहत नाही. डी ड्राइव्हवर साधं एक फोल्डर करा.

फाइलींची नावं सुंदर करू नका

माझा एक मित्र सुदामा नगरला राहतो, हिशेब तपासणीच्या कामात आयुष्य गेलेला माणूस. त्याच्याकडे काकांनी दुबईहून आणलेलं पहिलं प्लेस्टेशन आणि वीसेक अस्सल सीडी आहेत. त्याने रीतसर सगळ्या सीडींच्या कॉप्या काढल्या, कन्सोलमधला बायोसही, म्हणजे यंत्र सुरू करणारा त्याच्या आतला मूळ प्रोग्राम, एका जाणकाराकडून काढून घेतला. इतकं कष्टाचं काम स्वतःच्या वस्तूंवरून करणारा माणूस विरळा. आणि मग त्याने घात केला. त्याला फाइलींची ती लांबलचक इंग्रजी नावं आवडेनात, म्हणून एका रविवारी बसून सगळ्यांची मराठीत नावं ठेवली. ‘गाडीचा गेम’, ‘कुस्ती’, ‘तो तलवारीवाला’.

संध्याकाळी सहाला मी पोचलो तेव्हा स्क्रीन काळी. डकस्टेशन, म्हणजे पहिल्या प्लेस्टेशनचा इम्युलेटर, सांगत होतं, बायोस नाही. तो दाखवत होता, हा बघ आहे, 5,24,288 बाइट, म्हणजे बरोबर 512 केबी. फाइल खरंच योग्य होती. पण विंडोज फाइलीचं शेपूट लपवून ठेवतं. त्याला नाव दिसलं ‘बायोस’, म्हणून त्याने मागे स्वतःच्या हाताने ‘डॉट बिन’ जोडलं आणि खरं नाव झालं ‘बायोस डॉट बिन डॉट बिन’. डकस्टेशन नावावर अडत नाही, पण खरी चूक म्हणजे फाइल ठेवली होती गेमच्या फोल्डरमध्ये, बायोसच्या नव्हे. फाइल एक्सप्लोररच्या ‘व्ह्यू’ मेनूत ‘फाइल नेम एक्स्टेन्शन्स’ची खूण करा. नवा लॅपटॉप हातात आला की मी सगळ्यात आधी तेवढं करतो, वॉलपेपर नंतर.

बायोस मिटला, तर गेम उघडेनात. सीडीची कॉपी काढली की सहसा दोन प्रकारच्या फाइली होतात. बिन, ज्यात खरा माल असतो, आणि क्यू, जी जेमतेम एक-दोन केबीची असते. ही क्यू म्हणजे नुसता मजकूर. नोटपॅडमध्ये उघडली की अवतरण चिन्हांत बिनचं नाव दिसतं आणि खाली ट्रॅकांची यादी. मित्राने बिनचं नाव ‘गाडीचा गेम’ केलं, पण क्यूच्या पोटात जुनंच नाव राहिलं. ती बिचारी जुन्या पत्त्यावर जाऊन दार वाजवतेय. एवढ्यात साहेबांनी यूट्यूबवर वाचलेला तोडगा काढला, क्यू सोडून थेट बिन उघडली. गेम सुरू झाला! टाळ्या. मग दहा मिनिटांनी तो म्हणाला, “यात गाणी होती रे, लहानपणी मी या गेमची गाणी ऐकायलाच लावायचो.”

गाणी कुठून येणार? त्या काळच्या कित्येक सीडींवर पहिल्या ट्रॅकमध्ये गेम असायचा आणि पुढच्या ट्रॅकांमध्ये ऑडिओ सीडीसारखं संगीत. कुठला ट्रॅक कुठे सुरू होतो हे फक्त क्यूला माहीत. तिला वगळलं की गाडी पळते, पण मुकी.

मग वीस क्यू फाइली नोटपॅडमध्ये उघडून एकेक नाव दुरुस्त करत बसलो. आठ वाजता वहिनी भुट्ट्याचा कीस घेऊन आल्या आणि म्हणाल्या, “भावजी, आता जेवूनच जा, हे काही आज संपत नाही.” संपलं साडेदहाला.

तेव्हापासून माझी सवय अशी: कॉपी काढली की मेम या आर्केड गेमच्या इम्युलेटरबरोबर येणाऱ्या सीएचडीमॅन या प्रोग्रामने तिची सीएचडी करून टाकायची. एका डिस्कची एकच फाइल होते, जागाही कमी लागते, आणि मग तिला हवं ते नाव द्या, काही तुटत नाही. दोन-तीन डिस्कचा गेम असेल तर त्यांची नावं ओळीने लिहिलेली एम3यू फाइल करा, म्हणजे मध्येच डिस्क बदलता येते. आर्केडच्या, म्हणजे नाणं टाकून खेळायच्या मशीनवरच्या, गेमला मात्र यातलं काहीच लावू नका. त्यांची झिप उघडायची नाही, नाव बदलायचं नाही, आणि तो संच मेमच्या त्याच आवृत्तीचा लागतो.

रेट्रोआर्कमध्ये बायोसची शंका आली तर ‘कोअर इन्फर्मेशन’ उघडा. कुठली फाइल हवी आणि ती सापडली की नाही, तिथे स्वच्छ लिहिलेलं असतं. कोणी वाचत नाही, हा भाग वेगळा.

एफ 2, एफ 4 आणि भाचा

आता माझ्या घरचीच जखम. भाच्याची नववीची परीक्षा संपली आणि सुपर निन्टेन्डोवरचा एक लांबलचक जपानी गेम त्याने धरला. बत्तीस तास खेळला. रेट्रोआर्कमध्ये एफ 2 दाबलं की सेव्ह स्टेट होतं, एफ 4 दाबलं की ते परत उघडतं. पोराने बाकी काही शिकून घेतलंच नाही. दर दोन मिनिटांनी एफ 2, तेही त्याच एका स्लॉटमध्ये.

एका रात्री त्याने नेमकं चुकीच्या जागी एफ 2 दाबलं. मागचं दार बंद, समोर राक्षस, औषध एक नाही, जीव अकरा पॉइंट. एफ 4 दाबलं की तीन सेकंदांत मरण, परत एफ 4, परत मरण. इथपर्यंतही ठीक होतं, कारण तीन दिवसांपूर्वी त्याने गेममधल्या धर्मशाळेत झोपून गेमचा स्वतःचा सेव्ह केला होता. तीन तासांचं नुकसान, बस. पण मला फोन करायच्या आधी साहेबांनी एफ 7 ने स्लॉट बदलून बघितला. तिथे पहिल्या दिवशीचं एक स्टेट पडलं होतं. एफ 4 ने ते उघडलं, चिडला, आणि एस्केप दाबून गेम बंद केला.

तिथे सगळं संपलं. मूळ कॅसेटमध्ये बॅटरीवर चालणारी छोटी मेमरी असायची, गेमचा सेव्ह तिच्यात राहायचा. इम्युलेटर तीच गोष्ट एसआरएम नावाच्या फाइलीत ठेवतो. सेव्ह स्टेट म्हणजे त्या क्षणी यंत्राच्या सगळ्या मेमरीचा फोटो, आणि त्या फोटोत ही बॅटरीवाली मेमरीही येते. पहिल्या दिवशीचं स्टेट उघडलं, तसा मेमरीतला सेव्हही पहिल्या दिवशीचा झाला. एस्केप दाबल्यावर रेट्रोआर्कने इमानेइतबारे तोच डिस्कवर लिहिला. धर्मशाळेतला सेव्ह त्याच्याखाली गाडला गेला.

“मामा, काहीतरी कर ना.” काय करणार? सेव्हिंगच्या सेटिंगमध्ये ‘स्टेट उघडताना सेव्ह रॅमवर (म्हणजे त्याच बॅटरीवाल्या मेमरीवर) लिहू नको’ अशा अर्थाचा पर्याय असतो. तो बंद होता, आणि ते मशीन मी लावून दिलं होतं. राखीला ताई आली तेव्हा चिरंजीव गाडीतून उतरलेच नाहीत.

तेव्हा तो पर्याय चालू करा. क्वचित एखादा गेम त्याने गोंधळतो, पण एवढी जोखीम परवडते. त्याच पानावर सेव्ह रॅम आपोआप लिहिण्याचा अवधी 10 सेकंद ठेवा, कारण पावसाळ्यात वीज विचारून जात नाही आणि काही आवृत्त्यांत गेम नीट बंद केल्याशिवाय सेव्ह डिस्कवर जातच नाही. कोअर अपडेट केल्यावर जुनं स्टेट उघडेलच याचा भरवसा धरू नका, गेमचा स्वतःचा सेव्ह उघडतो. आणि ‘सेव्ह्ज’ फोल्डर दर रविवारी पेन ड्राइव्हवर. माझ्या पेन ड्राइव्हवर आता भाच्याचंही फोल्डर आहे, त्याला न सांगता.

बाकीच्या किरकोळ

स्वस्तातल्या यूएसबी पॅडवर लाल दिव्याचं एक बटण असतं. दिवा बंद असताना बटणं नेमून दिली आणि नंतर दिवा लागला, तर बाण चालेनासे होतात. पॅड खराब झालेला नसतो, परत करायला बाजारात जाऊ नका.

कीबोर्डवर पळताना उडी लागत नसेल तर बोटांना दोष देऊ नका. साधे कीबोर्ड काही तीन कळा एकदम ओळखतच नाहीत.

ब्लूटूथ हेडफोन लावाल तर उडी आधी, ‘टुंग’ नंतर. तार वापरा. टीव्हीला जोडलं असेल तर टीव्हीत गेम मोड शोधा.

आवाज फाटतोय? लॅपटॉपचा चार्जर लावा, बॅटरी सेव्हर बंद करा. दहातले सहा तिथेच बरे होतात.

गेम हळू वाटतो? युरोपातली आवृत्ती असेल. ती सेकंदाला 50 चित्रांवर चालते, अमेरिका आणि जपानची 60 वर. नीट जुळवून न घेतलेला गेम तिथे सहावा हिस्सा मंदावतो, त्याला प्रोसेसर काय करणार?

“मारिओ पळतो मग प्लेस्टेशन 2 का नाही?” कारण मारिओवालं यंत्र 1.79 मेगाहर्ट्झचं होतं आणि प्लेस्टेशन 2 चा मुख्य प्रोसेसर सुमारे 295 चा, सोबत मदतनीस वेगळे. त्या सगळ्यांची भाषा तुमच्या लॅपटॉपला चालू गेममध्ये, वेळ सांभाळून, अनुवाद करत राहायची असते. दहा वर्षं जुन्या लॅपटॉपकडून ती अपेक्षा करू नका.

सेटिंगमध्ये बोटं घालून सगळं बिघडलं असेल तर रेट्रोआर्कच्या कॉन्फिग फाइलीचं नाव बदला आणि परत चालू करा, नवी कोरी तयार होते. सीएचडी सोडली तर नाव बदलायला मी परवानगी देतो अशी ही एकच जागा.

आणि चित्र ताणू नका. हे गेम 4:3 च्या डब्बा टीव्हीसाठी बनलेत, रुंद पडद्यावर पसरले की मारिओ लग्नानंतरच्यासारखा दिसतो. दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या राहू द्या. हे मी आमच्या बाबांना तीनदा सांगितलं. ते दुपारी चहानंतर विटा फोडायचा गेम खेळतात. मी 4:3 करून ऑफिसला जातो, संध्याकाळी येतो तेव्हा चेंडू लंबगोल झालेला असतो. म्हणतात, “पैसे अख्ख्या टीव्हीचे दिलेत ना?”