रिॲलिटी शो, बहिणीचे वाक्य आणि आगाऊ सुपारी

लातूर-मुंबई एक्स्प्रेसने रात्रभर प्रवास करून मी रिॲलिटी शोच्या पहिल्या ऑडिशनला गेलो, तेव्हा एका पोवाड्याची आणि दोन विनोदी प्रवेशांची तयारी माझ्यापाशी होती. ती तीन मिनिटांत आटोपली आणि पुढचा पाऊण तास क्रिएटिव्ह टीममधील एक बाई वडिलांच्या कर्जाविषयी, तसेच २०१६ साली मिरजेहून रेल्वेने लातूरला आलेल्या पाण्यासाठी आम्ही लावलेल्या रांगांविषयी विचारत राहिल्या. अशा कार्यक्रमांत कलेइतकीच, किंबहुना जास्त, ‘स्टोरी’ पाहिली जाते. बोलण्याच्या भरात मी बहिणीचे मोडलेले लग्नही सांगून बसलो. नेमके तेच वाक्य प्रोमोमध्ये आले आणि ती दोन महिने गंजगोलाईत बाजाराला गेली नाही. तक्रार करायला जागाच नव्हती, कारण चित्रीकरण हवे तसे कापण्याचा आणि जोडण्याचा हक्क मी सहीनिशी देऊन बसलो होतो. म्हणून घरातील कोणती गोष्ट बाहेर सांगायची, हे घरच्यांना विचारूनच ऑडिशनला निघावे.

करारनामा वकिलाकडून वाचून घ्यावा. माझ्या करारात कार्यक्रमानंतर सहा महिने दुसऱ्या वाहिनीवर दिसण्यास मनाई होती आणि लोक ओळखत होते ते नेमके तेच सहा महिने. बक्षिसाच्या आकड्यावरही हुरळून जाऊ नये. त्यावर सरसकट ३० टक्के कर आणि वर उपकर लागतो, खर्चाची वजावट मिळत नाही. मानधनाचा हिशेब निराळा असतो, तो आठवड्यावर ठरतो की भागावर, हे आधीच लिहून घ्यावे.

अमरावतीचा शिव ठाकरे ‘रोडीज’मधून पुढे आला, २०१९ मध्ये मराठी ‘बिग बॉस’ जिंकला आणि २०२३ मध्ये हिंदीतील अंतिम फेरीत उपविजेता ठरला. या व्यवसायात एका कार्यक्रमातून दुसरा मिळवावा लागतो, तो असा. (२०२४ मध्ये मराठी ‘बिग बॉस’चे सूत्रसंचालक रितेश देशमुख होते; त्यांचे मूळ गाव बाभळगाव लातूरच्या वेशीवर आहे म्हणून आपली वर्णी लागेल, असे मात्र कोणी समजू नये.)

मधल्या काळात पोट भरते ते सुपाऱ्यांवर: गणेशोत्सव, नवरात्र, कापड दुकानांची उद्घाटने. पैसे घेऊन टाकलेल्या रीलवर ‘जाहिरात’ असे स्पष्ट लिहावे. औशाच्या एका दुकानदाराने फीत कापून झाल्यावर मला रोख रकमेऐवजी दोन सफारीची कापडे दिली होती. तेव्हापासून निम्मी रक्कम खात्यावर जमा झाल्याखेरीज मी गाडीत बसत नाही.