माळ्यावरचा प्लेस्टेशन टू कॉम्प्युटरवर कसा आणला

दिवाळीच्या साफसफाईत आईच्या माळ्यावरून प्लेस्टेशन टू (सोनीचं टीव्हीला जोडून गेम खेळायचं जुनं मशीन) खाली आला. खोक्यातल्या थर्माकोलचा उंदरांनी भुगा केलेला, वायरीला गुंडाळलेलं रबर वितळून तिलाच चिकटलेलं. टीव्हीला जोडला तर लाल दिवा हिरवा झाला, तो ओळखीचा आवाजही आला. पण सीडी ठेवली की नुसतं टक-टक-टक, आणि मग डिस्क वाचता येत नाही म्हणून पाटी. रिपेअरवाल्याने झाकण उघडून एक फुंकर मारली आणि निकाल दिला, "ताई, लेन्स गेली. एवढी वर्षं माळ्यावर धूळ खात ठेवल्यावर दुसरं काय होणार?"

भाचा सुट्टीला आला होता. तो म्हणाला, "आत्या, डाऊनलोड कर की सगळं. त्या डब्याच्या मागे कशाला लागतेस?"

मी लागले. माझं कराडात झेरॉक्स आणि डीटीपीचं दुकान आहे, दिवाळीनंतरचे आठ दिवस तसेही मोकळेच जातात. त्या आठ दिवसांत जे जमलं आणि जे चुकलं ते लिहून ठेवते. तुमच्या माळ्यावरही असाच एखादा डबा असेल तर भंगारवाल्याला देऊ नका. लेन्स गेली तरी त्याचं डोकं शाबूत असतं, आणि आपल्याला डोकंच हवंय.

कॉम्प्युटरला दुसऱ्या मशीनचं सोंग घ्यायला लावणारा प्रोग्रॅम म्हणजे एम्युलेटर. यासाठीचा एम्युलेटर म्हणजे पीसीएसएक्स-टू. फुकट आहे, दोन दशकांहून जास्त काळ हौशी लोक तो लिहीत आलेत. त्याला तीन गोष्टी द्याव्या लागतात: मशीनचं बायॉस, गेमची डिस्क आणि जुने सेव्ह (गेम जिथवर खेळलो त्याची नोंद) हवे असतील तर मेमरी कार्डातला माल. बायॉस म्हणजे मशीन चालू होताच जागा होणारा आतला प्रोग्रॅम. त्यावर हक्क सोनीचा आहे, म्हणून एम्युलेटरवाले तो सोबत देत नाहीत आणि देऊही शकत नाहीत. 'बायॉससकट तयार सेटअप' असं कुठे दिसलं तर समजा की एक तर चोरीचा माल आहे, नाही तर आत व्हायरस आहे. बहुतेक वेळा दोन्ही.

आधी कॉम्प्युटर तपासा. प्लेस्टेशन टू मार्च 2000 मध्ये जपानात आला. मुख्य प्रोसेसर जेमतेम 295 मेगाहर्ट्झचा, रॅम 32 एमबी. आकडे वाचून हसू येतं. पण त्या प्रोसेसरच्या जोडीला दोन व्हेक्टर युनिट, वेगळी ग्राफिक्स चिप आणि इनपुट-आउटपुट सांभाळायला पहिल्या प्लेस्टेशनचाच प्रोसेसर, अशी सगळी टोळी एकाच तालात काम करते. आपल्या कॉम्प्युटरला या प्रत्येकाचं सोंग एकाच वेळी वठवायचं असतं. म्हणून 64 बिट विंडोज 10 किंवा 11 हवं, प्रोसेसरमध्ये एसएसई 4.1 (जास्तीच्या सूचनांचा एक संच) हवं आणि ग्राफिक्सला डायरेक्ट-थ्री-डी 11 (विंडोजची चित्र काढायची पद्धत) हवं. माझ्या दुकानातला चौथ्या पिढीचा आय-फाइव्ह आणि 8 जीबी रॅम, वेगळं ग्राफिक्स कार्ड नाही, एवढ्यावर निभावलं. कोअर किती यापेक्षा एकेक कोअर किती जोरात पळतो याला इथे महत्त्व आहे. जुना सेलेरॉन असेल तर जीव आटवू नका.

आता बायॉस. लेन्स गेलेल्या मशीनमधून तो काढायचा तर सीडीचा उपयोग नाही, मेमरी कार्डातूनच आत शिरावं लागतं. 'फ्री एमसी बूट' नावाचा प्रोग्रॅम टाकलेलं 8 एमबीचं मेमरी कार्ड तयार विकत मिळतं. ते पहिल्या खाचेत घालून मशीन चालू केलं की नेहमीच्या पडद्यावर एक जास्तीचा मेनू येतो. मशीन उघडायचं नाही, चिप बसवायची नाही. विकत घेण्याआधी मशीन उलटं करून खालचं लेबल मात्र वाचा. मॉडेल नंबर एससीपीएच 90 हजारांतला असेल आणि डेट कोड 8सी किंवा त्यापुढचा असेल, तर हे कार्ड चालणार नाही. त्यासाठी 'ओपन ट्यूना' टाकलेलं कार्ड मागा. आमचं मशीन 77 हजारवालं निघालं म्हणून सुटले.

पुढे एक पेन ड्राइव्ह लागतो. जितका जुना आणि लहान तितका बरा, आणि फॅट 32 मध्ये फॉरमॅट केलेला. मी आधी 64 जीबीचा नवाकोरा लावला, मशीनने त्याच्याकडे ढुंकूनही पाहिलं नाही. मग गल्ल्यातला 4 जीबीचा, कुठल्याशा पतसंस्थेने वाटलेला, टोपण हरवलेला पेन ड्राइव्ह लावला, तो लगेच दिसला. त्यावर 'बायॉसड्रेन' नावाची छोटी ईएलएफ फाइल (त्या मशीनवर चालणारा प्रोग्रॅम) टाकायची. मशीनवर जास्तीच्या मेनूतून 'यूलाँच' (फाइली बघायचा आणि चालवायचा प्रोग्रॅम) उघडायचं, त्यात 'मास' नावाच्या फोल्डरमध्ये जायचं (पेन ड्राइव्हला ते मशीन मास म्हणतं) आणि ती फाइल चालवायची. पडद्यावर अक्षरं धावतात. मशीनचा यूएसबी जुन्या 1.1 जातीचा, बैलगाडीच्या चालीचा, तेव्हा मध्येच पेन ड्राइव्ह उपटू नका. काम संपल्यावर त्यावर चार-पाच फाइली दिसतील. त्यातली रॉम-झीरो, बरोबर 4 एमबीची, तीच खरी. बाकीच्याही त्याच फोल्डरमध्ये राहू द्या.

डिस्कचं काम त्यामानाने सोपं आहे, कारण तिथे कॉम्प्युटरचा डीव्हीडी ड्राइव्ह वापरायचा असतो. लॅपटॉपला नसेल तर यूएसबीचा बाहेरचा रायटर घ्या. डिस्क मऊ सुती फडक्याने पुसा, मधून कडेकडे सरळ. गोल गोल पुसलं तर ओरखडे गोल पडतात, आणि गोल ओरखडा वाचताना ड्राइव्ह जास्त अडखळतो. मग 'इमेजबर्न'मध्ये डिस्कवरून इमेज फाइल करण्याचा पर्याय निवडा. चंदेरी पाठीच्या डिस्क डीव्हीडी असतात, त्यांची एकच आयएसओ फाइल होते. निळ्या पाठीच्या सीडी असतात, त्यांच्या बिन आणि क्यू अशा दोन फाइली होतात. त्यांची ताटातूट करायची नाही. कायद्याचं म्हणाल तर आपल्या मालकीच्या प्रोग्रॅमची, तो खराब झाला तर हाताशी असावी म्हणून एक प्रत ठेवायला 1957 च्या कॉपीराइट कायद्यात कलम 52 खाली मुभा आहे. स्टँडजवळ दीडशे रुपयांना मिळायच्या त्या पेनाने नाव लिहिलेल्या सीड्यांना ही मुभा लागू नाही. आमच्याकडे त्याही सात निघाल्या. त्या आता आईच्या परसबागेत पेरूवर टांगल्यात, पाखरं हाकलायला.

पीसीएसएक्स-टू त्याच्या स्वतःच्या साइटवरूनच घ्या, स्टेबल आवृत्ती घ्या. उघडताच व्हीसीरनटाइम नावाची डीएलएल सापडत नाही म्हणून तक्रार आली तर मायक्रोसॉफ्टचं व्हिज्युअल सी प्लस प्लस रीडिस्ट्रिब्युटेबल टाका, त्यात घाबरण्यासारखं काही नाही. पहिल्यांदा चालू केल्यावर तो एकेक पान पुढे करत विचारत जातो: भाषा, बायॉसचं फोल्डर, गेमचं फोल्डर, रिमोट (गेम खेळायचा हातातला कंट्रोलर). बायॉसच्या पानावर आपली फाइल यादीत दिसली नाही तर फोल्डर चुकलं किंवा फाइल अर्धवट उतरली. गेमच्या फोल्डरमध्ये आयएसओ टाकून ठेवल्या की नावं आपोआप येतात.

रिमोटबद्दल थोडं. जुना रिमोट यूएसबीला जोडायचा कन्व्हर्टर मुंबईला लॅमिंग्टन रोडवर किंवा ऑनलाइन स्वस्तात मिळतो. मूळ रिमोटची बटणं किती जोरात दाबली हे ओळखणारी होती. बहुतेक स्वस्त कन्व्हर्टर ते ओळखत नाहीत, त्यांना दाबलं किंवा नाही दाबलं एवढंच कळतं. रेसिंगच्या गेमला त्याने फारसं अडत नाही. कंट्रोलरच्या पानावर ऑटोमॅटिक मॅपिंग करून बघा. फुली आणि चौकोन उलटे बसले तर एकेक बटण हाताने नेमा.

गेम चालू झाली की आधी ऑन-स्क्रीन डिस्प्लेमध्ये जाऊन वेगाची टक्केवारी दाखवायला सांगा. मी हे केलं नव्हतं. मी फक्त फ्रेमचा (सेकंदाला किती चित्रं त्याचा) आकडा चालू केला, तो 50 दाखवत होता, आणि भाचा म्हणाला, "आत्या, 60 पाहिजेत. तुझा पीसी दमतोय." दोन संध्याकाळी मी नाही नाही त्या सेटिंग फिरवत बसले. दोष पीसीचा नव्हताच. माझ्याकडच्या सगळ्या डिस्क पाल या टीव्ही-पद्धतीच्या आहेत, आणि पालमध्ये सेकंदाला 50 हाच पूर्ण वेग. अमेरिकेच्या आणि जपानच्या डिस्क एनटीएससी, त्यांचे 60 धरा. टक्केवारी 100 असेल तर गप्प बसा आणि खेळा.

ती 100 च्या खाली घसरत असेल तेव्हा ग्राफिक्सकडे वळा. इंटर्नल रेझोल्यूशन नेटिव्ह ठेवलं तर चित्र जुन्या टीव्हीसारखं, दुप्पट केलं तर बऱ्यापैकी रेखीव, तिप्पट म्हणजे साधारण फुल एचडी. माझ्या दुकानी पीसीने दुप्पट कशीबशी पेलली, तिप्पटीला गाड्या पाण्यातून चालल्यासारख्या झाल्या. रेंडरर, म्हणजे चित्र काढणारा भाग, ऑटोमॅटिकवर ठेवा. कुठे चित्र फाटलं, सावल्या काळ्या चौकोनांसारख्या दिसल्या तर एफ-नाइन दाबून सॉफ्टवेअर रेंडरर लावून बघा. त्यात चित्र सुधारलं तर गडबड ग्राफिक्सची आहे, डिस्क बरी आहे. इमोशन इंजिनचे (म्हणजे त्या मुख्य प्रोसेसरचे) सायकल रेट वगैरे जे दिसतं त्याला हात लावू नका. मी लावला होता. ती दुसरी संध्याकाळ.

आता ज्याच्यासाठी एवढा खटाटोप केला ते, म्हणजे दादाचं मेमरी कार्ड. 'नीड फॉर स्पीड: मोस्ट वाँटेड' या गाड्यांच्या शर्यतीच्या गेममध्ये काळ्या यादीतले 15 जण एकेक करून हरवायचे असतात. आमच्या दादाने 12 हरवले होते. पुढे नोकरीला तो मस्कतला गेला आणि मशीन माळ्यावर.

त्याचं कार्ड मशीनच्या दुसऱ्या खाचेत घातलं. यूलाँचमध्ये एमसी-वन (मोजणी शून्यापासून, म्हणून दुसरी खाच) उघडलं, प्रत्येक गेमचं एकेक फोल्डर समोर आलं. हवं त्यावर उभं राहून आर-वन दाबायचं, कॉपी म्हणायचं, मासमध्ये जायचं, पुन्हा आर-वन, आणि यादीतून साधं पेस्ट न घेता 'पीएसयू पेस्ट' घ्यायचं. म्हणजे अख्खं फोल्डर एका पीएसयू फाइलमध्ये बांधून येतं. कॉम्प्युटरवर 'मायएमसी' नावाचं लहानसं अवजार मिळतं. त्यात एम्युलेटरचं मेमरी कार्ड उघडायचं (मेमकार्ड्स फोल्डरमधली एमसीडी-001 ही फाइल) आणि पीएसयू आयात करायची. त्या वेळी एम्युलेटर बंद हवा.

भाच्याचं डाऊनलोड इथेच तोंडावर आपटलं असतं. सेव्हच्या फोल्डरचं नाव डिस्कच्या नंबरावरून पडतं: युरोपच्या, म्हणजे पालच्या डिस्कचं बहुतेक वेळा बीईएसएलईएसने सुरू होतं, अमेरिकेच्या डिस्कचं बीएएसएलयूएसने. अमेरिकेची प्रत उतरवून घेतली असती तर तिला कार्डात दादाचा सेव्ह दिसलाच नसता. आपली डिस्क आणि आपलं कार्ड, ही जोडी जुळलेली असते.

एक गोष्ट दुकानात लॅमिनेट करून लावावी अशी. एफ-वन दाबलं की एम्युलेटर त्या क्षणाचा फोटो काढल्यासारखी अवस्था साठवतो आणि एफ-थ्री दाबलं की तिथेच परत नेतो. फार सोयीचं, पण एम्युलेटरची आवृत्ती बदलली की या जुन्या अवस्था उघडतीलच असं नाही. शिवाय जुनी अवस्था उघडून पुढे खेळलात आणि गेमने आपोआप सेव्ह केलं, तर कार्डातल्या नव्यावर जुनं बसतं. भाच्याने दोन तासांची कमाई अशीच घालवली. खरं सेव्ह गेमच्या आतूनच, मेमरी कार्डावर करा, आणि मेमकार्ड्स फोल्डरची एक प्रत दुसरीकडे ठेवा.

रविवारी मस्कतला व्हिडिओ कॉल लावला, फोन मॉनिटरसमोर धरला. दादाची प्रोफाइल उघडली, गॅरेजमध्ये त्याची गाडी उभी, यादीत तिसरा बाकी. तो बराच वेळ काही बोलला नाही. मग म्हणाला, "त्या गाडीला हात लावू नका कुणी. मी मे महिन्यात येतोय."

भाच्यासाठी दुसऱ्या स्लॉटमध्ये नवीन कार्ड करून दिलंय. सेटिंगमध्ये मेमरी कार्ड, मग क्रिएट, 8 एमबी. नाव त्याचं त्यालाच टाकायला सांगितलं.