‘कोंगो’ विनाशिकेचा सेवा-इतिहास लिहिताना

जपानच्या या नौकेबद्दल लिहिताना आधी नावाचा गुंता सोडवा, कारण बहुतेक घोळ तिथेच होतो. ‘कोंगो’ म्हणजे आपलं ‘वज्र’. बौद्ध ग्रंथांच्या चिनी भाषांतरातून जपानला पोचलेलं. याच नावाची जुनी युद्धनौका १९१३ साली ब्रिटनमध्ये बॅरोला बांधून झाली आणि २१ नोव्हेंबर १९४४ रोजी तैवानजवळ अमेरिकी पाणबुडी ‘सीलायन’ने बुडवली. तिचं नाव कांजीत, म्हणजे चिनी चित्रलिपीत, दोन अक्षरांत लिहितात. आजची क्षेपणास्त्रवाहू विनाशिका, क्रमांक १७३, हिरागानात, म्हणजे जपानी उच्चारलिपीत, चार अक्षरांत. शोध कांजीत घेतलात तर जुनीचाच पसारा हाती लागेल. शिवाय जपानी नोंदींत ‘विनाशिका’ शोधू नका. तिथे ‘गोएइकान’, म्हणजे संरक्षक नौका, असं म्हणतात.

मग तीन तारखा वेगवेगळ्या मांडा. कील (तळाचा कणा) बसवली ८ मे १९९०, जलावतरण २६ सप्टेंबर १९९१, दोन्ही मित्सुबिशीच्या नागासाकी गोदीत. दलात दाखल २५ मार्च १९९३, तळ सासेबो. सेवा मोजायची ती शेवटच्या तारखेपासून. जपानी नोंदींत वर्षं सम्राटाच्या कारकिर्दीनुसार मोजतात; इसवी सन काढायचं गणित असं: शोवात १९२५ मिळवा, हेइसेइत १९८८, रेइवात २०१८. या नौकेसमोर ‘शोवा ६३’ दिसलं तर गोंधळू नका. ते अंदाजपत्रकाचं वर्ष, म्हणजे १९८८.

सर्वात जपून लिहायची नोंद २००७च्या डिसेंबरातल्या क्षेपणास्त्र-चाचणीची. हवाईतल्या काउआई बेटावरून लक्ष्य-क्षेपणास्त्र सुटलं दुपारी १२:०५ला. ‘कोंगो’ने एसएम-३ हे क्षेपणास्त्रभेदी अस्त्र डागलं १२:०८ला, आणि काही मिनिटांतच सुमारे १६० किलोमीटर उंचीवर लक्ष्याचा वेध घेतला. ही हवाईची वेळ, तारीख १७. जपान १९ तास पुढे, म्हणून तिथे १८ तारखेची सकाळ. दोन्ही तारखा सापडतात आणि दोन्ही बरोबर आहेत. एकच वेळ निवडा आणि ती कुठली ते तिथेच लिहा. नाहीतर वाचकाला दोन चाचण्या झाल्यासारखं वाटतं.

वर्गाचं, म्हणजे एकाच आराखड्याच्या नौकांचं, कर्तृत्व एका नौकेच्या खात्यावर चढवू नका. अशाच चाचण्यांत २००८ला ‘चोकाई’च्या क्षेपणास्त्राने शेवटच्या सेकंदांत लक्ष्य गमावलं, २००९ला ‘म्योको’ आणि २०१०ला ‘किरिशिमा’ यशस्वी ठरल्या. चारही नौका कोंगो वर्गाच्या, पण प्रत्येकीची पाटी वेगळी.

अपघात लिहिताना घाई नको. उदाहरण दुसऱ्या जपानी विनाशिकेचं घ्या. ‘अतागो’ (१७७, पुढचा वर्ग) १९ फेब्रुवारी २००८च्या पहाटे चिबाजवळ ‘सेइतोकु-मारू’ या मासेमारी नौकेवर आदळली. बाप-लेक बेपत्ता झाले. सागरी अपघात न्यायाधिकरणाने २००९ला मुख्य दोष ‘अतागो’कडे दिला, तर फौजदारी खटल्यात दोन अधिकारी २०११ला निर्दोष सुटले आणि २०१३ला वरच्या न्यायालयानेही तोच निकाल कायम ठेवला. नुसतं ‘दोषी’ किंवा ‘निर्दोष’ लिहिलंत तर अर्धीच गोष्ट सांगितल्यासारखी होते. संस्था, वर्ष आणि निष्कर्ष एका ओळीत एकत्र ठेवा, आणि दोन्ही ओळी एकीखाली एक द्या.