इलिनॉयमध्ये बंदूक: आधी फॉइड, मग सीसीएल, आणि त्याच्याही आधी तुमचा व्हिसा

दर उन्हाळ्यात आमच्या इकडे, म्हणजे शिकागोजवळच्या नेपरव्हिल-ऑरोराच्या बाजूला, पुण्याहून नाहीतर बंगळुरूहून चार-पाच नवीन कुटुंबं येतात आणि ओळख जरा मुरली की पॉटलकच्या रांगेत कोणीतरी हळूच विचारतंच, "ताई, इथे घरात गन ठेवावी लागते का हो?" लागत नाही. मी इथे वीस वर्षांच्या वर आहे, पहिली चौदा-पंधरा वर्षं आमच्याकडे नव्हती, काही अडलं नाही. नंतर घेतली, दोन्ही परवाने काढले, म्हणून हा प्रश्न माझ्याकडेच येतो आणि प्रत्येकाला तेच तेच सांगून तोंड दुखतं, म्हणून आता एकदाच लिहून टाकते.

मी मूळची कुडाळकडची. आजोबांकडे शेतीसंरक्षणाची बंदूक होती, माकडं आणि डुकरांसाठी, आणि निवडणूक आली की ती पोलीस ठाण्यात जमा करायला ते स्वतः जायचे, परवान्याचं पुस्तक खिशात. आपल्या डोक्यात बंदुकीचा परवाना म्हणजे ते एकच पुस्तक असतं. इलिनॉयमध्ये तसं नाही, इथे दोन वेगळी कामं आहेत, बंदूक असणं आणि बंदूक अंगावर घेऊन फिरणं, आणि दोन्हीचे परवाने वेगळे, पहिल्याचं फॉइड, दुसऱ्याचं सीसीएल. बहुतेकांचा गोंधळ इथेच होतो.

पण परवान्यांच्या आधी व्हिसा. एच-वन आणि एल-वन (नोकरीचे व्हिसा), एच-फोर (एच-वनवाल्याच्या नवरा-बायको-मुलांचा), एफ-वन (विद्यार्थ्यांचा, शिक्षणानंतर ओपीटीवर काम करणारे पण यातच आले हं), या सगळ्यांना फेडरल, म्हणजे देशभर लागू असलेल्या, कायद्याने बंदूकही बाळगता येत नाही आणि काडतुसंही नाहीत. राज्य कुठलंही असो. टेक्सासमध्ये २०२१ पासून कॅरीला, म्हणजे अंगावर घेऊन फिरायला, परवाना लागत नाही हे ऐकून डॅलसचे एच-वनवाले खूश होतात, पण फेडरल बंदी तिथेही तशीच लागू आहे. हंटिंग लायसन्स असेल तर सूट असा एक अपवाद कायद्यात आहे, आणि कोणीतरी व्हॉट्सॲपवर तो "सोपा जुगाड" म्हणून पाठवतोच. शिकारीला खरंच जाणार असाल तर इमिग्रेशनच्या वकिलाला विचारून करा, नाहीतर सोडून द्या. ग्रीनकार्डच्या रांगेत असाल, ४८५ (ग्रीनकार्डचा अर्ज) भरून ईएडीवर (तात्पुरत्या वर्क परमिटवर) काम करत असाल, तरी कार्ड हातात पडेपर्यंत थांबा. आपली रांग किती लांब आहे ते माहितीच आहे, पण त्या रांगेतून बाहेर फेकलं जाण्यापेक्षा परवडलं.

आणि "बाळगणं" म्हणजे विकत घेणंच नाही, हातात धरणंही त्यात येतं. एका मुलाच्या ऑफिसची टीम आऊटिंग शूटिंग रेंजवर ठरली होती, तिथे भाड्याने मिळते, सगळे हसत-खेळत जातात. त्याने सहज मला विचारलं म्हणून बरं. त्याला म्हटलं तू जा, पिझ्झा खा, सगळ्यांचे व्हिडिओ काढ, पण बंदुकीला हात लावू नकोस. रेंजवर फॉर्म देतात त्यात व्हिसाबद्दल विचारू शकतात, तिथे खोटं लिहू नका. माझे सासरे इथे आले तेव्हा टुरिस्ट व्हिसावर होते, त्यांना कपाटातली बंदूक हातात घेऊन फोटो काढायचा होता, गावी दाखवायला. नाही दिली. दोन दिवस बोलले नाहीत माझ्याशी.

ग्रीनकार्ड असेल तर मात्र दोन्ही परवाने मिळू शकतात. फक्त एक लक्षात ठेवा, बंदुकीच्या कायद्याखाली शिक्षा झाली तर सिटीझन माणूस कोर्टाला सामोरा जातो आणि ग्रीनकार्डवाला कोर्टाला आणि वर डिपोर्टेशनलाही. दुकानात बंदूक घेताना ४४७३ नावाचा फेडरल फॉर्म असतो, त्यात नागरिकत्व आणि एलियन नंबर (ग्रीनकार्डवरचा इमिग्रेशनचा नंबर) विचारतात. घाईत "यूएस सिटीझन"वर खूण करू नका, खोटं नागरिकत्व सांगणं हे स्वतंत्रपणे देशाबाहेर काढायचं कारण होऊ शकतं. त्याच फॉर्मवर गांजाबद्दलही प्रश्न आहे. इलिनॉयमध्ये २०२० पासून गांजा दुकानात मिळतो म्हणून लोकांना वाटतं चालतं, पण फेडरल कायद्याच्या नजरेत नाही चालत, आणि फॉर्मवर तसा इशाराच छापलेला आहे.

आता पहिला परवाना. फायरआर्म ओनर्स आयडेंटिफिकेशन कार्ड, सगळे त्याला फॉइड म्हणतात. १९६८ च्या कायद्यातून आलेलं आहे, देतं इलिनॉय स्टेट पोलीस, अर्ज ऑनलाइन, इलिनॉयचं ड्रायव्हिंग लायसन्स किंवा स्टेट आयडी लागतं, फी १० डॉलर, चालतं १० वर्षं. वय २१, त्याखाली असेल तर आईवडिलांची सही वगैरे. फॉइड मिळालं म्हणजे तुम्ही बंदूक विकत घेऊ शकता, घरात ठेवू शकता, काडतुसं घेऊ शकता. फॉइडशिवाय काडतुसांचा एक डबासुद्धा घरात नको. आणि हे बऱ्याच जणांना माहीत नसतं, स्टन गन आणि टेझरलाही फॉइडच लागतं. मुलगी शॅम्पेनला, इलिनॉय विद्यापीठात, शिकायला आली की आई काळजीने ऑनलाइन स्टन गन मागवून देते, मुलगी एफ-वनवर, म्हणजे फॉइड मिळणारच नाही. पेपर स्प्रे द्या तिला, त्याला कार्ड लागत नाही.

फॉइड नाकारायची कारणं बरीच आहेत: फेलनी (म्हणजे गंभीर गुन्ह्यात शिक्षा), घरगुती हिंसाचारात शिक्षा, कोर्टाचा संरक्षण आदेश, गेल्या ५ वर्षांत मानसिक आजारासाठी हॉस्पिटलमध्ये दाखल होणं. नुसतं थेरपिस्टकडे जाणं म्हणजे दाखल होणं नव्हे, उगाच कार्डाच्या भीतीने उपचार टाळू नका.

दुकानात पैसे भरले की लगेच हातात मिळत नाही, ७२ तास थांबावं लागतं. आणि १० जानेवारी २०२३ पासून इलिनॉयमध्ये असॉल्ट वेपन्सच्या (लष्करी धाटणीच्या सेमी-ऑटोमॅटिक बंदुकांच्या) विक्रीवर बंदी आहे, मॅगझिनमध्ये लाँग गनला १० आणि हँडगनला १५ च्या वर गोळ्या चालत नाहीत. शेजारच्या इंडियानातल्या मित्राने "घे रे माझ्याकडची" म्हटलं तर नम्रपणे नाही म्हणा.

नुसतं फॉइड असेल तर बंदूक घराबाहेर नेता येते का? येते, रिकामी करून, बंद केसमध्ये. रेंजवर जायला तेवढं पुरतं. पण भरलेली बंदूक कमरेला लावून किंवा गाडीच्या कप्प्यात टाकून निघालात तर फॉइड खिशात असूनही ती फेलनी ठरू शकते. इथेच दुसरा परवाना येतो.

कन्सील्ड कॅरी लायसन्स, सीसीएल, म्हणजे भरलेली बंदूक लपवून अंगावर बाळगायचा परवाना. इलिनॉय हे असा परवाना द्यायला लागलेलं शेवटचं राज्य. डिसेंबर २०१२ मध्ये फेडरल अपील कोर्टाने राज्याची सरसकट बंदी उडवली, मग २०१३ ला कायदा झाला. वय २१, आधीपासून चालू फॉइड, १६ तासांचं ट्रेनिंग, फी १५० डॉलर, मुदत ५ वर्षं. बोटांचे ठसे दिले तर पोलिसांना ९० दिवसांची मुदत, नाही दिले तर १२० दिवस. द्या ठसे, ते घेणाऱ्याचे वेगळे पैसे जातात पण कटकट वाचते. स्थानिक पोलीस हरकत घेऊ शकतात, घेतली तर प्रकरण एका बोर्डापुढे जातं आणि मग वाट बघत बसा. ट्रेनिंगच्या शेवटी ३० गोळ्या झाडून दाखवायच्या, ५, ७ आणि १० यार्डांवरून प्रत्येकी १०, आणि ७० टक्के निशाण्यावर लागल्या पाहिजेत. मला भीती त्याचीच होती, प्रत्यक्षात ते सोपं निघालं, अवघड होता तो कायद्याचा भाग, कारण कुठे नेता येत नाही ती यादीच इतकी मोठी की नवऱ्याने विचारलं, मग उरलं काय, आपलं अंगण?

दोन्ही एकमेकांत कसे अडकलेत ते बघा. सीसीएल हे फॉइडवर उभं आहे. फॉइड रद्द झालं की सीसीएलही गेलं, आणि मग ४८ तासांत कार्ड जमा करून बंदुका कुठे दिल्या त्याचा कागद भरून द्यायचा. उलट बाजूने सीसीएल गेलं तरी फॉइड राहू शकतं, म्हणजे घरात ठेवा पण फिरू नका. पूर्वी फॉइडची तारीख मध्येच संपून लोकांची पंचाईत व्हायची, २०२२ पासून सुधारणा झाली, आता सीसीएल चालू असेपर्यंत फॉइडही चालू धरतात आणि दोन्ही एकाच कार्डवर येऊ शकतात. एकच कार्ड हातात असलं तरी परवाने दोन आहेत हे विसरू नका. घर बदललंत तर २१ दिवसांत फॉइडवर पत्ता बदला, आपली माणसं ॲमेझॉनवर पत्ता त्याच दिवशी बदलतात आणि इथे वर्षभर विसरतात.

सीसीएल असूनही बंदूक न्यायला बंदी असलेल्या जागा: शाळा, डेकेअर, कॉलेज, हॉस्पिटल, कोर्ट, सरकारी ऑफिसं, लायब्ररी, खेळाची मैदानं, स्टेडियम, सीटीए आणि मेट्रा (शिकागोच्या बस-लोकल), ज्या बारचा निम्म्याहून जास्त धंदा दारूचा आहे तो, आणि परमिट काढून भरवलेले सार्वजनिक कार्यक्रम. आता आपला गणपती कुठे असतो? भाड्याने घेतलेल्या हायस्कूलच्या ऑडिटोरियममध्ये. रविवारची मराठी शाळा? तीही शाळेच्याच वर्गात. तिथे बाप्पा असो नाहीतर कोणी असो, इमारत शाळेची आहे, बंदी लागू. खाजगी जागेचा मालकही ४ बाय ६ इंचांची ठराविक पाटी लावून मनाई करू शकतो, देवळाच्या दारावर चपला काढताना जरा वर बघा. अशा ठिकाणी गाडी पार्क करून बंदूक आतच, नजरेआड, कुलूपबंद ठेवायची सोय कायद्यात आहे. पण ज्या संध्याकाळी आरती, मग जेवण, मग कोणाच्या तरी घरी गप्पा असा बेत असतो त्या दिवशी घरीच ठेवलेली बरी, पाच वेळा काढा-घाला करताना चूक होते. गाड्यांमधून बंदुका चोरीलाही जातात. खरं सांगायचं तर माझं सीसीएल वर्षातले तीनशे दिवस नुसतं पर्समध्ये असतं, बंदूक तिजोरीत. तुम्ही फक्त घरासाठी किंवा रेंजसाठी घेणार असाल तर फॉइड पुरे, हे माझं मत, रेंजवरचे लोक वेगळं सांगतील.

पोलिसाने गाडी थांबवली आणि विचारलं तर सीसीएल आहे आणि बंदूक जवळ आहे हे सांगणं बंधनकारक आहे. मी हात स्टिअरिंगवर ठेवून आधी तोंडाने सांगते, मग हात हलवते. डॅशबोर्डचा कप्पा आपणहून उघडायला जाऊ नका, भारतातल्यासारखी पोलिसाच्या गाडीकडे कागद नाचवत चालत जायची सवय असेल तर तीही विसरा.

घरात मुलं असतील तर तिजोरी आधी, बंदूक नंतर. २०२६ पासून नियम कडक झालेत, १८ वर्षांखालच्या मुलाच्या हाती लागेल अशी ठेवणं चालत नाही. घरात एक जण सिटीझन आणि दुसरा अजून एच-फोरवर असेल तर तिजोरीचा नंबर दुसऱ्याला देऊ नका, नवरा-बायको असलात तरी.

आणि भारतात जाताना. रेंजला नेलेली बॅग विमानासाठी वापरायचीच नाही, हा आमच्या घरचा नियम. तळाशी विसरलेलं एक काडतूस मुंबई किंवा दिल्ली विमानतळावरच्या एक्स-रेमध्ये दिसलं की आर्म्स ॲक्टखाली गुन्हा नोंदवतात, आणि मग लग्नाला आलेला माणूस जामिनाच्या मागे. रेंजची बॅग लाल, गॅरेजमध्ये खुंटीला, आणि तिला हात लावायची मुभा फक्त मला.