स्लो कुकरमधलं मसालेदार गरम सायडर: मसाला कधी घालायचा, कधी काढायचा

सणाच्या दिवशी घरात वीस माणसं असली की गरम सायडरसाठी, म्हणजे सफरचंदाच्या गरम रसासाठी, स्लो कुकर या हळूहळू शिजवणाऱ्या विजेच्या भांड्याइतकं सोयीचं भांडं नाही. चूल मोकळी राहते, पेय तासन् तास गरम राहतं आणि ज्याला हवं तो आपला कप भरून घेतो. ते बिघडतंही याच सोयीमुळे. सगळं एकदम भांड्यात टाकायचं, बटण फिरवायचं आणि विसरून जायचं, अशी कृती सर्रास सांगितली जाते. तशा भांड्यातला पहिला कप छान लागतो. चार तासांनी त्याच भांड्यातल्या लवंगेने जीभ बधिर होते, संत्र्याच्या सालीचा कडूपणा घशात रेंगाळतो आणि सफरचंदाचा ताजेपणा जाऊन शिजवलेल्या फळाचा वास येतो. चहा गाळायचा राहिला की जे होतं, तेच इथे होतं. म्हणून या कृतीत प्रमाणाइतकंच महत्त्व वेळेला आहे. प्रत्येक पदार्थ भांड्यात कधी जातो आणि कधी बाहेर येतो, हे आधी ठरवून ठेवावं.

रस कोणता घ्यावा

इथे सायडर म्हणजे अमेरिकेत मिळतो तसा सफरचंदाचा ताजा, न आंबवलेला, गढूळ रस. ब्रिटनमध्ये सायडर मागितलं तर मद्य मिळतं, आणि ती बाटली या कृतीला चालत नाही. उत्तर अमेरिकेत सफरचंदं पिळण्याचा मुख्य हंगाम सप्टेंबर ते नोव्हेंबर. त्यामुळे थँक्सगिव्हिंग या तिथल्या सणाच्या सुमारास चांगला ताजा रस मिळतो आणि नाताळपर्यंत तो पुरतो.

गढूळ रसात फळाचा बारीक गर, पेक्टिन हा दाटपणा देणारा घटक आणि किंचित तुरटपणा असतो. गरम केल्यावर आणि मसाला मुरल्यावरही त्याला अंग राहतं. पारदर्शक रसातून हे सगळं काढून टाकलेलं असतं, म्हणून तो गरम केला की नुसता गोड आणि पाणचट लागतो. तोच वापरावा लागला तर 4 लिटरला 2 ते 3 मोठे चमचे लिंबाचा रस आणि एका आंबट हिरव्या सफरचंदाच्या फोडी घालाव्यात. वरून साखर घातलेला रस मात्र टाळावा. त्यातला गोडवा नंतर कमी करता येत नाही.

बाटलीवर रस पाश्चराइज्ड, म्हणजे जंतू मारण्यासाठी तापवलेला, आहे की नाही ते नक्की पाहावं. 1996 मध्ये अमेरिकेत पाश्चराइज न केलेल्या सफरचंदाच्या रसातून ई. कोलाय ओ157:एच7 या जिवाणूची साथ पसरली होती. कच्चा रस कमीत कमी 71 अंश सेल्सिअसपर्यंत तापायलाच हवा. थर्मामीटर नसेल तर तो आधी चुलीवर उकळून घ्यावा. लहान मुलं, गर्भवती आणि वयस्कर मंडळी पिणार असतील तर इथे अंदाजावर काम भागवू नये.

प्रमाण

साधारण 6 लिटरच्या स्लो कुकरसाठी, म्हणजे 240 मिलिलिटरचे 16 कप भरतील असं:

- सायडर 4 लिटर, शिवाय 1 लिटर वेगळं राखून ठेवलेलं
- दालचिनीच्या 7 ते 8 सेंटिमीटर लांबीच्या 4 कांड्या
- लवंगा 10
- ऑलस्पाइस या मिरीसारख्या दिसणाऱ्या मसाल्याचे अख्खे दाणे 8
- चक्रीफुलं 2
- आल्याचा 5 सेंटिमीटरचा तुकडा, सोलून चकत्या केलेला
- संत्रं 1
- मीठ पाव लहान चमचा
- ब्राउन शुगर किंवा मेपल सिरप, लागलं तर, शेवटी

भांडं अर्ध्यापेक्षा कमी भरलं तर रस लवकर तापून लवकर शिजतो. काठोकाठ भरलं तर तापायला फार वेळ घेतो आणि डावाने घेताना सांडतो. दोन तृतीयांश ते पाऊण भरणं उत्तम. लहान, साडेतीन लिटरच्या कुकरला 2.4 लिटर रस, 2 कांड्या दालचिनी, 5 ते 6 लवंगा, 5 दाणे ऑलस्पाइस आणि एकच चक्रीफूल पुरतं.

लवंगांची संख्या मोजूनच घ्यावी. त्यांतलं युजेनॉल हे तेल थोडं असलं तर ऊबदार सुगंध देतं, जास्त झालं तर दंतमंजनाची आठवण करून देतं. मूठभर लवंगा टोचलेलं अख्खं संत्रं रसावर तरंगताना सुंदर दिसतं, पण त्या लवंगा वेळेवर काढता येत नाहीत. आम्ही तो प्रकार करूच नये असं सांगू.

दालचिनी दोन तऱ्हेची येते. जाड, कडक, एकाच सालीची गुंडाळी म्हणजे कॅसिया. कागदासारख्या पातळ पापुद्र्यांची, बोटांनी सहज चुरडणारी ती सिलोन. लांब वेळ गरम राहणाऱ्या रसात कॅसियाचा तिखट-गोड जोर टिकतो, म्हणून इथे तीच बरी. सिलोनचा सुगंध नाजूक असतो. ती घेतलीत तर एक-दोन कांड्या वाढवाव्यात आणि निम्मा वेळ झाल्यावर घालाव्यात.

पूड केलेला मसाला अजिबात नको. तो विरघळत नाही, तळाशी बसतो आणि शेवटचे कप रेतीसारखे लागतात. दालचिनीची पूड तर गरम द्रवात फुगून बुळबुळीत होते आणि रसाला तार सुटते.

कृती

दालचिनी, लवंगा, ऑलस्पाइस आणि चक्रीफूल कोरड्या तव्यावर मंद आचेवर एक-दोन मिनिटं परतावं. वास सुटला की लगेच उतरवावं. लवंग करपली तर तो कडूपणा रसात उतरतो. दालचिनी सोडून बाकीचा मसाला आणि आलं मलमलच्या दुहेरी कापडात ठेवून सुती दोऱ्याने सैलसर पुरचुंडी बांधावी. दोरा लांब ठेवून त्याचं टोक कुकरच्या कडीला बांधलं की पुरचुंडी क्षणात उचलता येते. दालचिनी सुटीच टाकली तरी चालते, ती चिमट्याने सहज निघते.

संत्र्याची फक्त वरची नारिंगी साल सोलाण्याने पट्ट्या पाडून काढावी. आतला पांढरा भाग कडू असतो, तो येऊ देऊ नये. सोललेलं संत्रं बाजूला ठेवावं.

फ्रिजमधला थंड रस थेट कुकरमध्ये ओतून मंद आचेवर लावला तर नीट गरम व्हायला चार तासही लागतात, आणि तेवढा वेळ मसाला कोमट रसात नुसता पडून राहतो. रस आधी स्टीलच्या पातेल्यात 60 अंशांच्या आसपास, म्हणजे वाफ धरायला लागेल इतका गरम करून घ्यावा. ॲल्युमिनियमचं पातेलं नको, सफरचंदाचं आम्ल त्या धातूला खातं आणि चव धातूसारखी होते. दरम्यान कुकरच्या मातीच्या भांड्यात नळाचं गरम पाणी दहा मिनिटं भरून ठेवावं आणि ओतून द्यावं. थंड भांड्यात गरम रस पडला किंवा तापलेल्या भांड्यात थंड रस पडला, तर ते तडकू शकतं.

रस, मीठ, दालचिनी, पुरचुंडी आणि संत्र्याच्या सालीच्या पट्ट्या घालून झाकण लावावं आणि तीव्र आचेवर एक तास ठेवावं. थंड रसच वापरला असेल तर दोन ते अडीच तास. कडेला बारीक बुडबुडे दिसले, थर्मामीटरवर 80 ते 85 अंश आले की पुरे. खळखळ उकळू देऊ नये. सफरचंदाचा सुगंध वाफेबरोबरच निघून जातो. वर फेस आणि गराच्या गुठळ्या येतील, त्या चमच्याने काढाव्यात. मग मंद आचेवर एक तास.

झाकण उगाच उघडू नये. दर वेळी उघडल्यावर गेलेली उष्णता भरून यायला पंधरा-वीस मिनिटं लागतात.

आता चाखावं. मसाला जाणवतो पण सफरचंद पुढे आहे, असं वाटलं की पुरचुंडी, दालचिनी आणि साल तिन्ही बाहेर काढावीत. थोडा कमी वाटला तर अर्धा तास थांबून पुन्हा चाखावं. सोललेल्या संत्र्याच्या बिया काढून चकत्या कराव्यात आणि त्या वाढण्याआधी अर्धा तास रसात सोडाव्यात. साल आधीच गेलेली असल्याने त्या फारशा कडू होत नाहीत. शोभेसाठी दालचिनीची एक नवी कांडी तरंगत ठेवायला हरकत नाही.

कुकर लगेच ‘वॉर्म’वर, म्हणजे नुसतं गरम ठेवणाऱ्या पातळीवर, आणावा. मंद आचेवर राहू दिलं तर काय बिघडलं, असं पुष्कळांना वाटतं. पण बहुतेक स्लो कुकरमध्ये मंद आणि तीव्र आच शेवटी जवळपास त्याच तापमानाला, उकळीच्या जरा खाली पोचते. फरक पोचायला लागणाऱ्या वेळाचा असतो. ‘वॉर्म’वर रस 60 अंशांच्या वर राहिला तर तीन-चार तास चव आणि सुरक्षितता दोन्ही टिकतात. मल्टीकुकरची स्लो कुकची सोय वापरत असाल तर तिची आच मुख्यतः तळातून लागते आणि मंद पातळी बरीच थंड असू शकते, तेव्हा तिथे वरची पातळी निवडावी.

साखरेचं शेवटी ठरवावं. तोच रस थंडपेक्षा गरम असताना जास्त गोड लागतो. बहुतेक वेळा साखर लागतच नाही; रस फार आंबट असेल तर दोन मोठे चमचे ब्राउन शुगर घालून ढवळावं, पुन्हा चाखावं.

बिघडलं तर

राखून ठेवलेला एक लिटर रस इथे कामाला येतो. मसाला उग्र झाला तर तो साधा रस गरम करून थोडा थोडा मिसळावा. दुसरा खरा उपाय नाही. सालीचा कडूपणा उतरला असेल तर त्यालाही पातळ करणं हाच मार्ग, जोडीला चिमूटभर मीठ, कारण मीठ कडूपणा दबवतं. साखर घालून कडूपणा झाकायला गेलात तर पेय कडू आणि गोड दोन्ही होतं. फार गोड असेल तर लिंबू, किंवा मूठभर क्रॅनबेरी अर्धा तास रसात. त्या फुटून आंबटपणा आणि सुरेख रंग देतात.

पाणचट लागलं तर कारण बहुधा झाकण. झाकलेल्या कुकरमध्ये वाफ परत आत पडते, रस आटत नाही. भांडंभर रस उघडा ठेवून आटवण्यापेक्षा अर्धा लिटर रस चुलीवर निम्मा आटवून परत घालावा. पेय लवकर दाट होतं आणि बाकीच्या रसाचा ताजेपणा शाबूत राहतो.

वाढताना

कपात ओतताना पेय 65 ते 70 अंशांचं असतं, जीभ भाजण्याइतकं. कुकर टेबलाच्या कडेपासून आत ठेवावा, वायर लोंबू देऊ नये आणि मुलांना मोठ्यांनी वाढावं. काचेचे मग असतील तर ते आधी गरम पाण्याने धुऊन घ्यावेत.

रम, बर्बन किंवा ब्रँडी हवी असेल तर ती कपात घालावी, 240 मिलिलिटरच्या कपाला 30 ते 45 मिलिलिटर. भांड्यात घालू नये. तिथे मद्य हळूहळू उडून जातं, कोणाच्या कपात किती गेलं ते कळत नाही, आणि मुलांना द्यायला काही उरत नाही.

मध्येच भांडं भरायचं झालं तर नवा रस चुलीवर गरम करूनच ओतावा. त्यात मसाल्याची नवी पुरचुंडी अर्ध्या प्रमाणात, आणि तीही तासाभराने बाहेर.

सफरचंदांपासून सुरुवात करायची असेल तर

2 किलो सफरचंदं घ्यावीत, निम्मी गोड आणि निम्मी आंबट. गाला किंवा फुजीबरोबर ग्रॅनी स्मिथ चांगली जमते. रेड डिलिशस शिजल्यावर फिकी पडते. बियांचा भाग काढून चार-चार फोडी कराव्यात, साल राहू द्यावी. फोडी बुडून वर दोन बोटं येईल इतकं पाणी घालून मंद आचेवर सहा तास ठेवावं, मग लाकडी डावाने ठेचून आणखी एक तास. मसाला या शेवटच्या दोन तासांतच. गाळताना कापड पिळू नये, आपोआप निथळू द्यावं. पिळलं की गर उतरून पेय पेजेसारखं होतं. कच्ची सफरचंदं पिळून काढलेल्या सायडरइतकं हे दाट होत नाही आणि त्याला थोडी साखर बहुधा लागतेच.

उरलेलं सायडर कुकरच्या भांड्यातच फ्रिजमध्ये ठेवू नये, जाड भांडं फार हळू थंड होतं. पसरट भांड्यांत ओतून दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये जाऊ द्यावं. चार-पाच दिवस टिकतं. गोठवायचं तर डबा वरून तीन सेंटिमीटर रिकामा सोडावा, कारण गोठताना रस फुगतो. पुन्हा गरम करायचं ते चुलीवर, आणि तेव्हा मसाला घालायचा नाही.