डबा रिकामा परत द्यायचा नाही : स्केच लिहून जगू पाहणाऱ्यांसाठी

मी कराडची. बी.कॉम.ला पुण्यात आले. पुरुषोत्तम करंडकाच्या दिवसांत भरत नाट्य मंदिराच्या विंगेत उभं राहून कॉलेजच्या एकांकिकांचं प्रॉम्प्टिंग केलं, नंतर एका सी.ए.कडे नोकरीला लागले आणि २०१९ पासून विनोदी स्केचेस, म्हणजे काही मिनिटांचे छोटे प्रसंग, लिहून, करून, स्वतःच्या यूट्यूब चॅनेलवर टाकते आहे. आता घरभाडं त्यातूनच निघतं. या वाटेनं येऊ पाहणारी मुलं-मुली भेटली की आधी विचारतात, कॅमेरा कुठला घेऊ? माझं पहिलं वर्ष मैत्रिणीच्या फोनवर निघालं आणि त्यानं काही अडलं नाही. अडलं ते लिखाणात. आणि लिहिलेलं आपलं राहावं म्हणून काय करायचं, हे तर त्याहून उशिरा कळलं. म्हणून या दोन गोष्टींवरच जास्त बोलते.

एकांकिकेतून आलेल्यांना पात्रांची ओळख करून द्यायची सवय असते. माझं पहिलं स्केच अकरा मिनिटांचं होतं. विषय साधा होता: शेजारणीचा डबा रिकामा परत द्यायचा नाही. पण मी त्यात सासू-सुनेची धुसफूस घातली, सोसायटीचा पाण्याचा टँकर घातला, पार्किंगचं भांडणही घातलं. वाचनाला बसलेले सगळे 'छान आहे' म्हणाले. हसलं कुणीच नाही. त्या रात्री मी डबा तेवढा ठेवला आणि बाकी सगळं खोडलं.

नव्या खर्ड्यात पहिल्याच ओळीला दार उघडतं. 'तुमचा डबा द्यायला आले हो. थोडा चिवडा घातलाय.' दुसऱ्या दिवशी तोच डबा शंकरपाळ्या घेऊन परत. मग पुरणपोळ्या. चौथ्या फेरीला डबा येतोय हे खिडकीतून दिसतं आणि अख्खं घर दिवे मालवून सोफ्यामागे बसतं. शेवटी एक कुटुंब घर बदलतं, सामानाचा टेम्पो निघतो आणि त्याच्या मागे डबा घेऊन शेजारीण धावते. साडेतीन मिनिटं. मला ओळख मिळाली ती याच स्केचमुळे.

त्यातून जे कळलं ते असं: एका स्केचला एकच कल्पना. प्रत्येक फेरीत ती चढली पाहिजे, आणि चढताना त्या घरातला तर्क सुटता कामा नये. त्या दोघी वेड्या नाहीत. आईनं शिकवलेली रीत दोघी प्रामाणिकपणे पाळतायत. म्हणूनच आपल्याला हसू येतं, कारण ती रीत आपल्याही घरात आहे. पात्राला मूर्ख ठरवून मिळवलेलं हसू दुसऱ्यांदा पाहताना उरत नाही.

हे काही मोबाईलबरोबर आलेलं नाही. तमाशात गण-गौळण झाली की वगाआधी बतावणी असते. दोघं जण उभे राहतात, नेपथ्य नाही, सामान नाही. एक जण बोलतो, सोंगाड्या त्यातला एकच शब्द पकडतो आणि त्याचा भलताच अर्थ लावून शेवटपर्यंत सोडत नाही. मिळेल तिथे तमाशा बघा. गावच्या जत्रेत कनातीत बसून जे कळतं ते कुठल्याही ऑनलाइन कोर्समध्ये मला मिळालं नाही.

टीव्हीवरच्या स्किटची नक्कल मात्र टाळा. तिथे समोर प्रेक्षक हसतो, नट तेवढा थांबतो, आणि त्या थांबण्यातून पुढचं वाक्य फुलतं. मोबाईलवर हसणारा माणूस आपल्याला ऐकू येत नाही. आपण एडिटमध्ये ठेवलेली मोकळी जागा त्याला रिकामी वाटते आणि त्याचं बोट पुढे सरकतं.

बोलीबद्दल एक सांगायचंच आहे. कराडकडचं, विदर्भातलं किंवा मालवणी बोलणं हाच विनोद, असं धरून लिहू नका. 'कुठं निघालायसा?' असं माझी आजी रोज विचारते, त्यात हसण्यासारखं काही नाही. त्या बोलीत विचार करणारं पात्र लिहा, आणि ती बोली ज्याच्या घरची आहे त्यालाच ते करू द्या.

शूटिंगचं थोडक्यात. पैसे आधी कॉलर माईकवर घाला. चित्र जरा काळपट चालतं, आवाज फाटलेला चालत नाही. पंखा बंद, फ्रिज बंद, आणि वरच्या मजल्यावर विचारून या की मिक्सर कधी लागणार. मित्र असले तरी नटांना मानधन द्या. पाचशे रुपये असतील तर पाचशे, पण त्याच दिवशी हातात. फुकट येणारा मित्र तिसऱ्या शूटला येत नाही, आणि त्यात त्याची चूक नसते.

आता हक्क. दुसऱ्या वर्षी एका कंपनीनं माझं एक पात्र मागितलं. रक्कम तेव्हाच्या माझ्या तीन पगारांएवढी होती. करार इंग्रजीत, चौदा पानांचा. सी.ए.च्या ऑफिसात दिवसभर दुसऱ्यांचे कागद वाचणारी मी माझा कागद मात्र न वाचता सही करून आले. त्यात 'कायमस्वरूपी' आणि 'जगभर' हे शब्द होते. ते पात्र आज मी स्वतःच्या चॅनेलवर करू शकत नाही. त्याची बोलण्याची लकब मी माझ्या मावशीवरून घेतली होती. अजून दुखतं.

म्हणून हे नीट वाचा. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यानुसार हक्क दुसऱ्याला द्यायचा तर तो लेखी द्यावा लागतो. किती वर्षांसाठी हे कागदावर नसेल तर कायदा पाच वर्षं धरतो, आणि कुठल्या प्रदेशासाठी हे नसेल तर फक्त भारत. म्हणजे गप्प असलेला कागद लेखकाच्या बाजूनं झुकतो. 'कायमस्वरूपी' आपण सही करून देतो तेव्हाच जातं. त्या जागी दोन किंवा तीन वर्षं लिहून मागा. मी आता मागते आणि बहुतेक वेळा मिळतात. शिवाय संहिता बाहेर पाठवण्याआधी मुंबईच्या स्क्रीनरायटर्स असोसिएशनकडे, म्हणजे पटकथालेखकांच्या संघटनेकडे, नोंदवते. सभासद झालं की ते घरबसल्या ऑनलाइन होतं.

पैशाचं गणित थोडं वेगळं आहे. यूट्यूबवर जाहिरातीचा वाटा सुरू व्हायला १००० सदस्य आणि वर्षभरात ४००० तास पाहिलं जाणं लागतं, किंवा ९० दिवसांत शॉर्ट्सना एक कोटी व्ह्यूज. लांब व्हिडिओच्या जाहिरातीतले ५५ टक्के आपल्याला मिळतात, आणि खात्यात १०० डॉलर साठल्याशिवाय पैसे येत नाहीत. तिथे अमेरिकेचा कर-फॉर्म भरायला सांगतात, तो टाळू नका. भरला तर भारतातल्या माणसाचा फक्त अमेरिकेतल्या प्रेक्षकांकडून आलेल्या कमाईवर १५ टक्के कर कापला जातो. न भरल्यास सगळ्या कमाईतून २४ टक्क्यांपर्यंत जाऊ शकतात. न्यू जर्सीतली मराठी मंडळी आपलं काम मनापासून बघतात, त्यामुळे हा मुद्दा आपल्याला लागू आहेच.

पण एवढ्यावर घर चालत नाही. माझ्या उत्पन्नात जाहिरातीचा वाटा सगळ्यात लहान आहे. त्याहून मोठा ब्रँडच्या स्केचेसचा, आणि सर्वात भरवशाचा दुसऱ्यांसाठी लिहिण्याचा. पैसे घेऊन केलेल्या स्केचवर 'जाहिरात' असं स्पष्ट लिहा. जाहिरात मानक परिषदेची तशी मार्गदर्शक तत्त्वं २०२१ पासून आहेत, आणि आपल्यावर विश्वास ठेवणाऱ्या प्रेक्षकाचा तो हक्क आहे. पैशाऐवजी वस्तू मिळाल्या तरी त्यांची नोंद ठेवा. वर्षभरात एका कंपनीकडून २०,००० रुपयांवर वस्तू आल्या तर २०२२ पासून त्यावरही १० टक्के कर कापला जातो.

स्केचेस रंगमंचावर न्यायची झाली तर तिकीट लावण्याआधी संहिता रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाकडे, म्हणजे नाटकांच्या संहिता तपासणाऱ्या सरकारी मंडळाकडे, पाठवावी लागते. त्यासाठी वेळ हाताशी ठेवा. आम्ही आधी तारीख ठरवली आणि मग धावपळ केली. तरी प्रयोग करा. डब्याचं स्केच पहिल्यांदा साताऱ्यात केलं तेव्हा सोफ्यामागे लपायच्या जागेला हशा इतका लांबला की पुढचं वाक्य मी दोनदा गिळलं. एवढी वर्षं मोबाईलवर ऐकू न आलेला तो हशा होता.

नोकरी कधी सोडायची, हेही सगळे विचारतात. मी तिसऱ्या वर्षी सोडली. तेव्हा आठ महिन्यांचा खर्च बँकेत होता आणि दर महिन्याला लिहून देण्याची दोन कामं पक्की होती. मार्चमध्ये हिशेबांची गर्दी असते तेव्हा अजून तीन आठवडे जुन्या ऑफिसात जाते. तिथल्या टेबलांवर जे बोलणं चालतं त्यातून मागच्या वर्षी दोन स्केचेस मिळाली.